डीपी कुणाच्या जागेवर?

प्रिय तरुण सहकाऱ्यास,

अनेक आशीर्वाद.

डीपी, म्हणजे खांबांवर बसवलेलं विजेचं रोहित्र (ट्रान्सफॉर्मर), आपल्या जागेत किंवा दारात उभी केल्याच्या वादात पक्षकार पहिल्याच भेटीत 'स्टे आणा', म्हणजे कोर्टाचा मनाईहुकूम आणा, म्हणेल. त्याआधी दोन गोष्टी पक्क्या कर: जागा कागदोपत्री कुणाची, आणि आधी कोण आलं, घर की विजेची लाइन?

जागेसाठी आखिव पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड), मंजूर लेआउट नकाशा आणि भूमी अभिलेखची मोजणी, तिन्ही हवेत. गुंठेवारीतला प्लॉट नियमित केल्याचं आरएल पत्र इथे पुरत नाही. खांब हद्दीच्या आत आहे की रस्त्याच्या मार्जिनमध्ये, हे त्यातून कळत नाही. कधी मोजणीत निघतं की खांब जागच्या जागी आहे आणि कंपाउंडच पुढे सरकलंय. म्हणून मोजणी आधी, नोटीस नंतर. नकाशात पब्लिक युटिलिटीसाठी राखलेला तुकडा दिसतो का, तेही बघ. तो रिकामा असताना डीपी कुणाच्या गेटसमोर उभी केली असेल, तर तुझ्या हातातला सर्वांत भक्कम मुद्दा तोच.

आधी कोण आलं हे शोधायला महावितरणकडे माहितीच्या अधिकारात मंजूर एस्टिमेट, वर्क ऑर्डर, रोहित्रात वीज सोडल्याची (चार्ज केल्याची) तारीख आणि जागामालकाचं संमतीपत्र माग. आधीच्या मालकाची त्यावर सही निघाली, तर आपली बाजू लंगडी पडते. पक्षकाराला ते लगेच सांग, आशेवर ठेवू नकोस.

आता कायदा. विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम ६७ खाली २००६ चे 'वर्क्स ऑफ लायसन्सीज' नियम, म्हणजे परवानाधारक वीज कंपनीच्या कामांचे नियम, आहेत. त्यातला नियम ३ पाठ असू दे. खाजगी जमिनीवर खांब, ताण (खांबाला आधार देणारी तिरपी तार) किंवा लाइन टाकायला मालकाची किंवा कब्जेदाराची आधी संमती लागते. त्याने हरकत घेतली, तर कंपनीला जिल्हाधिकारी किंवा पोलीस आयुक्तांची लेखी परवानगी आणावी लागते, आणि त्या आदेशातच भरपाई किंवा वार्षिक भाडं ठरतं. काम होऊन गेलं असेल तरी पुरेसं कारण दाखवून ते हलवण्याचा आदेश तिथेच मागता येतो. पुढे फेरतपासणी वीज नियामक आयोगाकडे. पण कंपनीकडे कलम १६४ ची, म्हणजे सरकारने लाइन टाकण्याचे खास अधिकार दिल्याची, अधिसूचना असेल, तर नियम ३ तिच्या आड येत नाही. म्हणून उत्तरात ती दाखवली जाते का, यावर लक्ष ठेव.

खरा घोटाळा हरकतीत होतो. लोक खड्डा खणणाऱ्या ठेकेदाराच्या माणसाशी भांडतात आणि घरी जातात. तोंडी हरकतीचा पुरावा उरत नाही. हरकत कार्यकारी अभियंत्याच्या नावे लेखी दे, आवकचा शिक्का घे, प्रत जिल्हाधिकारी कार्यालयात दे, आणि हे सगळं खांब उभा राहण्याआधी. दिवाणी मनाईवर मात्र भिस्त ठेवू नकोस. स्पेसिफिक रिलीफ ॲक्टमध्ये २०१८ साली कलम ४१(एचए) आलं; पायाभूत प्रकल्पाला अडथळा होईल अशी मनाई देता येत नाही, आणि वीज वितरण त्या यादीत आहे.

धोका असेल तर वेगळी वाट आहे. ११ केव्हीची (उच्चदाबाची) लाइन इमारतीपासून आडवी किमान १.२ मीटर आणि छतापासून उभी ३.७ मीटर हवी, लघुदाबाला १.२ आणि २.५ मीटर. अंतर कमी असेल तर विद्युत निरीक्षकाकडे तक्रार कर. मोजायला पक्षकाराला लोखंडी टेप किंवा बांबू घेऊन गच्चीवर पाठवू नकोस, जीव जाईल. लायसनधारक ठेकेदाराकडून लेझरने मोजून घे. मात्र लाइन आधीची आणि गॅलरी नंतर बाहेर काढलेली निघाली, तर हलवण्याचा खर्च मालकाच्याच गळ्यात पडतो. मग डिपॉझिट वर्कचं, म्हणजे आपल्या खर्चाने करून घ्यायच्या कामाचं, एस्टिमेट मागणंच शहाणपणाचं. चिडून कुणी ताण सोडला किंवा तार कापली तर फौजदारी लागते, हेही बजावून ठेव.

जिल्हाधिकाऱ्यांकडच्या अर्जाला दोन पर्यायी जागा दाखवणारा मोजमापासह नकाशा जोड. नुसतं 'हटवा' म्हणणाऱ्या अर्जापेक्षा 'इथून तिथे न्या' म्हणणाऱ्या अर्जावर आदेश काढणं अधिकाऱ्याला सोपं जातं. शेजाऱ्यांची लेखी संमती मिळाली तर तीही जोड, कारण हलवलेली डीपी त्यांच्या दारात आली की पुढचा अर्ज त्यांचा असतो.

तुझा हितचिंतक