मलेयाला वळसा घातलास तर घर विसर

या वेळचे बहुतेक प्रश्न ग्रीक पुराणकथांमधल्या समुद्राबद्दल आहेत. सारखे होते ते एकत्र केले आणि लांबलेले थोडे कापले. उत्तरांआधी माझा कल सांगून टाकतो: या कथांमध्ये बेटांचे पत्ते शोधू नयेत. त्या काळचा खलाशी कशाला घाबरत होता, हे मात्र त्यांत फार नेमकं सापडतं.

होमरच्या ‘ओडिसी’ या महाकाव्याचा नायक ओडिसिअस ट्रॉयच्या युद्धाहून निघून दहा वर्षांनी घरी पोचला. त्याचा मार्ग नकाशावर आखता येईल का? इंटरनेटवर असे नकाशे पुष्कळ आहेत, पण दोन नकाशे एकमेकांशी जुळत नाहीत. (पुणे)

जुळणारही नाहीत. पृथ्वीचा परीघ मोजणारा एराटोस्थेनीस इ.स.पू. 3ऱ्या शतकातच यावर बोलून गेला आहे. वाऱ्यांचा रखवालदार इऑलस ओडिसिअसला सगळे वादळी वारे एका चामडी पिशवीत बांधून देतो, अशी कथा आहे. एराटोस्थेनीस म्हणाला, ती पिशवी शिवणारा चांभार सापडला की ओडिसिअस कुठे कुठे भटकला तेही सापडेल. सव्वादोन हजार वर्षं झाली, चांभार सापडलेला नाही आणि नकाशे काढणं थांबलेलं नाही.

तरी सगळाच मार्ग हवेतला नाही. ट्रॉयपासून मलेयापर्यंतचा समुद्र पूर्ण खरा आहे. मलेया म्हणजे ग्रीसच्या दक्षिण द्वीपकल्पाचं, पेलोपोनीजचं, आग्नेय टोक. ओडिसिअस त्याला वळसा घालत असताना लाट, प्रवाह आणि उत्तरेचा वारा मिळून त्याला सिथेरा बेटापलीकडे ढकलतात. नऊ दिवस तो वाहत जातो आणि दहाव्या दिवशी लोटस खाणाऱ्यांच्या देशाला लागतो. तिथून पुढे भूगोल संपतो आणि एकडोळे राक्षस सुरू होतात. त्याच युद्धाहून परतणाऱ्या मेनेलाउस राजाचा तांडाही मलेयापाशीच फुटतो. काही गलबतं क्रीटकडे जातात, पाच थेट इजिप्तला. अगामेम्नॉनलाही तिथेच वादळ गाठतं. तीन राजे आणि एकच भूशिर! कवीकडे दुसरं ठिकाण नव्हतं असं समजू नका. एजियन समुद्रात उन्हाळाभर उत्तरेचा वारा वाहतो आणि मलेयाच्या पलीकडे आडोसा देणारी जमीन संपते. तिथे ज्याचं शीड हाताबाहेर गेलं त्याच्यापुढे थेट आफ्रिका. ‘मलेयाला वळसा घातलास तर घर विसर’ ही म्हण भूगोलकार स्ट्रेबोनं नोंदवून ठेवली आहे. हा वळसा चुकवायला व्यापारी कोरिंथच्या चिंचोळ्या जमिनीवर माल उतरवून पलीकडच्या समुद्रात नेत. तिथे इ.स.पू. 600 च्या सुमारास दगडी फरसबंदीची वाट बांधली होती आणि तिच्यावरून होड्याही ओढून नेत.

नकाशाची हौस असेल तर ओडिसिअसला सोडा आणि ओडिसीच्या तिसऱ्या सर्गातल्या म्हाताऱ्या नेस्टरला धरा. तोही ट्रॉयहून परतत असतो. लेस्बॉस बेटावर त्याची आणि सोबत्यांची चर्चा चालते: खिऑस बेटाच्या बाहेरून, प्सिरिया बेट डाव्या हाताला ठेवून जायचं, की खिऑसच्या आतून, वादळी मिमास डोंगराच्या कडेनं? शेवटी देवाकडे कौल मागतात. कौल मिळतो तो तिसराच, उघडा समुद्र कापून सरळ युबिया बेट गाठण्याचा. रात्री गेराइस्टोस भूशिराला लागतात आणि ‘एवढा मोठा समुद्र मोजून आलो’ म्हणून समुद्रदेव पोसायडनला बैलांच्या मांड्या वाहतात. हे अंतर दोनशे किलोमीटरही नाही. दिवसभर जमीन नजरेआड होणार एवढ्यासाठी कौल आणि बैल! ग्रीक खलाशांच्या सवयींबद्दल हा उतारा मला सगळ्या राक्षसांपेक्षा जास्त सांगून जातो.

माझे आजोबा मचव्यावर तांडेल होते. रात्री ध्रुवावर नजर ठेवून सुकाणू धरत. ग्रीक लोकही तेच करत का? (रत्नागिरी)

नाही, कारण त्यांच्या काळी ध्रुव जागेवर नव्हता. पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा अतिशय संथ डोलतो आणि त्याची एक फेरी सुमारे 26,000 वर्षांची असते. त्यामुळे आकाश ज्या बिंदूभोवती फिरताना दिसतं तो बिंदू ताऱ्यांमधून सरकत राहतो. आजचा ध्रुवतारा त्या बिंदूपासून एका अंशाच्याही आत आहे. होमरच्या काळी, म्हणजे इ.स.पू. 8व्या-7व्या शतकात, तो बारा अंशांहून जास्त लांब होता आणि बाकीच्या ताऱ्यांसारखाच गोल फिरत होता. मार्सेयचा दर्यावर्दी पिथिअस इ.स.पू. 4थ्या शतकात स्पष्ट सांगून गेला की ध्रुवबिंदूपाशी तारा नाही, जागा रिकामी आहे.

मग भरवसा कशावर? सप्तर्षींवर. कॅलिप्सोच्या बेटावरून निघताना ती ओडिसिअसला एकच सूचना देते: अस्वल डाव्या हाताला ठेव. ग्रीकांना सप्तर्षींच्या जागी अस्वलीण दिसे. उत्तर डावीकडे, म्हणजे तोंड पूर्वेला. सतरा दिवस तो झोपेविना सुकाणू धरून बसतो, कृत्तिका आणि उशिरा मावळणारा भूतप यांच्याकडेही बघत राहतो. अठराव्या दिवशी फिएशियन लोकांच्या देशातले डोंगर धुक्यात ढालीसारखे दिसू लागतात. दर्यावर्दी साहित्यातली ही फार जुनी दिशादर्शक ओळ, आणि ती एका देवीच्या तोंडी आहे.

त्याच ठिकाणी होमर म्हणतो की या अस्वलिणीला सागरात स्नान मिळत नाही. यामागची कथा अशी. कॅलिस्टो नावाच्या तरुणीवर देवांचा राजा झ्यूस याची नजर पडली, तिची अस्वलीण झाली आणि शेवटी ती आकाशात गेली. झ्यूसची बायको हेरा हिचा राग तरीही शमेना. तिनं सागरदेवतांना बजावलं, हिला तुमच्या पाण्यात पाय टाकू देऊ नका. कथा मत्सराची, पण तिच्यातली माहिती खलाशाच्या कामाची: हे तारे कधीच मावळत नाहीत, वर्षातल्या कुठल्याही स्वच्छ रात्री उत्तर सांगतात. ही माहिती त्या अक्षांशाची आणि त्या काळाची आहे. आज अथेन्सहूनही मरीची, म्हणजे सप्तर्षींच्या शेपटीचा शेवटचा तारा, क्षितिजाखाली बुडी मारून येतो. तुमच्या रत्नागिरीत तर सगळेच सप्तर्षी मावळतात. कॅलिस्टोची कथा कोकणात जन्मली असती तर हेराचा शाप पहिल्याच वर्षी खोटा ठरला असता.

फिनिशियन खलाशी मात्र धाकट्या अस्वलावर, म्हणजे ध्रुवमत्स्यावर, चालत. हे तारे अंधुक, पण ध्रुवबिंदूभोवती लहान वर्तुळात फिरणारे, म्हणून जास्त अचूक. इ.स.पू. 3ऱ्या शतकातला कवी अराटस हा फरक नोंदवतो आणि धाकटं अस्वल खलाशांना जास्त सोयीचं असल्याचं मोकळेपणानं मान्य करतो.

जेसनच्या आर्गो नौकेला चिरडायला येणारे एकमेकांवर आपटणारे खडक खरे होते का? (नागपूर)

खडक हलत नव्हते, पाणी हलत होतं. ग्रीक हे खडक बॉस्फरसच्या उत्तर तोंडाशी, काळ्या समुद्राच्या दारात मानत. ही सामुद्रधुनी सुमारे 30 किलोमीटर लांब, नागमोडी आणि सर्वांत अरुंद जागी जेमतेम 700 मीटर रुंद आहे. डॅन्यूब, नीपर अशा नद्या काळ्या समुद्रात इतकं पाणी ओततात की वरचा प्रवाह कायम दक्षिणेकडे येतो. त्याचा वेग साधारण तीन-चार नॉट असतो आणि काही वळणांवर त्याच्या दुप्पट होतो. वरून उन्हाळ्यातला उत्तरेचा वाराही तोंडावरच. वळणावळणावर समोरचा काठ पुढे सरकल्यासारखा दिसतो आणि वल्ही मारूनही होडी जागची हलत नाही. असं पाणी पाहिलेल्या माणसाला खडक आपटतात हे पटवून द्यावं लागलं नसेल.

आंधळा फिनिअस जेसनला सल्ला देतो: आधी कबूतर सोडा, ते पार झालं तरच निघा आणि मग जीव खाऊन वल्ही मारा, कारण तुमची सुटका प्रार्थनेपेक्षा हातांच्या जोरावर होणार आहे. पुराणकथेतला द्रष्टा असं बोलतो, हे मला फार आवडतं. (शेवटी अथीना मागून ढकलते, पण ते असो.) कबुतराच्या शेपटीची पिसं जातात आणि आर्गोच्या मागल्या टोकाचा शोभेचा तुकडा तुटतो.

लहान ग्रीक होड्यांना हा प्रवाह चढणं शक्यच नव्हतं, असं 20व्या शतकात काही अभ्यासकांनी मांडलं होतं. 1984 साली टिम सेव्हरिन यांनी वीस वल्ह्यांची होडी बांधून ग्रीसमधल्या व्होलोसहून जॉर्जियापर्यंत नेली आणि बॉस्फरस वल्ह्यांवर पार केला. यावरून जेसन खरा ठरत नाही. वाट चालण्याजोगी होती, एवढं ठरतं.

सिला, कॅरिब्डिस, सायरन: हे सगळे म्हणजे खडक आणि भोवरेच ना? (ठाणे)

पाणी गिळणारी राक्षसीण कॅरिब्डिस बऱ्याच अंशी तशीच. इटली आणि सिसिली यांच्यामधल्या मेसिनाच्या सामुद्रधुनीत प्रवाह साधारण सहा तासांनी उलटतो आणि भोवरे उठतात. होमर म्हणतो ती दिवसातून तीनदा पाणी गिळते. भरती-ओहोटीच्या हिशेबानं दोनदा हवं, ही चूक जुन्या ग्रीकांनीच पकडली होती. सहा तोंडांच्या सिलेचं डॉल्फिन पकडणं इतिहासकार पोलिबिअसनं तिथल्या तलवार माशाच्या शिकारीशी जोडून दाखवलं. गाण्यानं खलाशांना भुलवणाऱ्या सायरनच्या मागे मात्र मला खडक दिसत नाही, आणि ओढूनताणून दाखवायची इच्छाही नाही.

ग्रीक लोक हिवाळ्यात समुद्रात जात नसत असं वाचलं. आपल्याकडे पावसाळ्यात होड्या ओढून ठेवतात, तसंच का? (अलिबाग)

कारण तेच, ऋतू उलटा. इ.स.पू. 700 च्या सुमाराचा शेतकरी-कवी हेसिअड सांगतो की उन्हाळ्यातल्या सर्वांत मोठ्या दिवसानंतरचे पन्नास दिवस सफरीला उत्तम. वसंतातही निघता येतं, अंजिराच्या शेंड्यावरचं पान कावळ्याच्या पावलाएवढं झालं की. पण ती घाई त्याला पसंत नाही. कृत्तिका मृगाला भिऊन समुद्रात उड्या टाकतात, म्हणजे पहाटे पश्चिमेला मावळू लागतात, तेव्हा होडी किनाऱ्यावर ओढा, तळाचं बूच काढा म्हणजे पावसाचं पाणी साचून लाकूड कुजणार नाही, आणि सुकाणू चुलीच्या धुरावर टांगा. पुराणात शिकारी ओरायन सात बहिणींचा पाठलाग करतो. हेसिअड त्याचीच दिनदर्शिका करतो. हा ओरायन म्हणजे आपला मृग. आपल्याकडे जूनमध्ये सूर्य त्या नक्षत्रात गेला की पाऊस आणि होड्या वर. त्यांच्याकडे नोव्हेंबरात तेच नक्षत्र कृत्तिकांच्या मागोमाग पहाटे बुडालं की वादळं.

विशेष म्हणजे हेसिअड स्वतः समुद्रातून एकदाच गेला, तेही ऑलिसहून समोरच्या युबियाला. तेवढं पाणी आता पुलावरून ओलांडतात. लहान होडीचं कौतुक कर, पण माल मोठीत भर, हा त्याचा सल्ला तरीही चोख आहे.

हिवाळ्यात एक सवलत होती. बुडालेल्या नवऱ्यासाठी शोक करणाऱ्या अल्सिओनीचा खंड्या पक्षी झाला. तिला अंडी उबवता यावीत म्हणून सर्वांत लहान दिवसाच्या आधी सात आणि नंतर सात दिवस वारा पडतो, अशी समजूत होती. खंड्या हिवाळ्यात घरटं करत नाही आणि पाण्यावर तर मुळीच नाही. तो काठाच्या मातीत बीळ करतो. पण भर हिवाळ्यात मधूनच असे शांत दिवस तिथे येतात हे खरं आहे.

कथांमधून जहाजबांधणी कळते का? (बेळगाव)

थोडी. ओडिसिअस वीस झाडं पाडतो, फळ्या तासतो, भोकं पाडतो आणि खुंट्या ठोकून त्या जोडतो. 1982 मध्ये तुर्कस्तानच्या किनाऱ्यावर, उलुबुरुन इथे, एका स्पंज काढणाऱ्या पाणबुड्याला इ.स.पू. 14व्या शतकाच्या अखेरीचं जहाज सापडलं. त्यात सुमारे दहा टन तांबं आणि एक टन कथील होतं. फळ्यांच्या कडांना खाचा पाडून, त्यांत लाकडी जिभा बसवून वरून खुंट्या ठोकलेल्या होत्या. ट्रॉयच्या युद्धावरच्या होमरच्या ‘इलियड’मध्ये मात्र अगामेम्नॉन कुरकुरतो की नऊ वर्षांत गलबतांचं लाकूड कुजलं आणि दोर सैल पडले. हे दोर फळ्या शिवायचे असावेत, असं काही जण मानतात. मलाही ते पटतं. काथ्यानं शिवलेली जहाजं अरबी समुद्रात तर फार नंतरपर्यंत चालत होती.

कोल्हापूरच्या संग्रहालयात पोसायडनची मूर्ती पाहिली. ती तिथे कशी आली? (कोल्हापूर)

1940 च्या दशकात पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरी टेकाडावर ही छोटी काशाची मूर्ती इतर वस्तूंबरोबर सापडली. रोमशी व्यापाराच्या काळात ती समुद्रमार्गे आली. इसवी सनाच्या 1ल्या शतकात इजिप्तमधल्या एका ग्रीकभाषक व्यापाऱ्यानं लिहिलेल्या ‘पेरिप्लस’मध्ये कल्याण, सोपारा आणि चौल या बंदरांची नावं आहेत. भारताकडे यायला जुलैच्या सुमारास निघावं, असं तो सांगतो. म्हणजे आपल्या होड्या वर ओढलेल्या असताना हे लोक नैर्ऋत्य मोसमी वारा शिडात घेऊन येत. नेस्टरच्या वंशजांनी एव्हाना जमीन नजरेआड होण्याची भीती टाकली होती. पेरिप्लसच्या लेखकाची भीती निराळी आहे. भडोचच्या खाडीतल्या भरतीचं वर्णन करताना तो कॅरिब्डिसच्या कवीइतकाच हादरलेला वाटतो: पाणी एकाएकी चढतं, नांगर तग धरत नाहीत आणि जहाजं आडवी होतात. म्हणून राजाच्या पदरी असलेले स्थानिक कोळी मोठ्या होड्या घेऊन पार सौराष्ट्रापर्यंत पुढे जात आणि परदेशी जहाजांना खाडीतून वाट दाखवत आत आणत.