वाचकांचे प्रश्न : शेततळ्यात कासव आलं कुठून?

प्रश्न : निफाड तालुक्यात आमचं प्लास्टिक अंथरलेलं शेततळं आहे. त्यात दोन कासवं दिसतात. नदी इथून बरीच लांब आहे, मग ही आली कुठून? मासळी खातील का? काढून रामकुंडात सोडली तर चालेल का?

उत्तर : नदीपासून लांब, शेततळ्यात दिसतात म्हणजे ही फ्लॅपशेल कासवं असावीत. पोटाखाली मागच्या बाजूला दोन झडपा असतात. पाय आत ओढले की त्या मिटतात. ही खूण दिसली की शंका उरत नाही. पाकिस्तानातल्या सिंधूच्या खोऱ्यापासून नेपाळ, बांगलादेश आणि आपल्या जवळपास सगळ्या देशात ही जात सापडते. गंगेच्या खोऱ्यात पाठीवर पिवळे ठिपके असतात. आपल्या दख्खनी कासवाची पाठ साधी, तपकिरी-हिरवट.

याला नदीच हवी असं नाही. संथ, उथळ पाणी आणि खाली गाळ असला की पुरे, मग तो ओढा असो, पाझर तलाव असो की पाटाची चारी. उन्हाळ्यात पाणी आटलं की ते गाळात पुरून घेतं, नाहीतर जमिनीवरून दुसरं पाणी शोधत निघतं. तुमची कासवं अशीच चालत आली असणार.

मासळीची फार काळजी नको. गोगलगायी, बेडूक, पाणवनस्पती, मेलेले मासे असं जे मिळेल ते खातं. चपळ मासा सहज हाती लागत नाही.

खरी अडचण प्लास्टिकची. त्याला नखं धरत नाहीत, त्यामुळे आत उतरलेलं कासव वर येऊ शकत नाही, दमून बुडतं. पुरून घ्यायला गाळही नसतो. उपाय स्वस्त आहे. जुनी गोणपाटं शिवून किंवा काथ्याची जाळी घेऊन दोनेक फूट रुंद पट्टा करा. वरचं टोक बांधावर खुंटीला बांधा, खालचं वाळूच्या पिशवीनं थेट तळापर्यंत न्या. पट्टा पावसाळ्यातल्या पातळीपर्यंतच सोडला तर एप्रिलमध्ये तो कोरडा लोंबतो आणि कासव खाली राहतं. चारही कोपऱ्यांत एकेक लावा, कारण कासव कडेकडेनं पोहत कोपऱ्यात येतं. तार वापरू नका, प्लास्टिक फाटतं. मासेमारीची बारीक नायलॉन जाळी तर नकोच, तीत मान अडकते.

रामकुंडाचं म्हणाल तर, नको. काठ दगडी-काँक्रीटचे, गाळ नाही, अंडी घालायला माती नाही. शिवाय वन्यजीव कायद्याच्या पहिल्या, म्हणजे सर्वात कडक संरक्षणाच्या अनुसूचीतली ही जात आहे. पाळणं, स्वतःहून हलवणं गुन्हा ठरू शकतं. वनविभागाला १९२६ वर कळवा. ते येईपर्यंत ठेवावंच लागलं तर ओलं गोणपाट घातलेल्या टबमध्ये, सावलीत. टब पाण्यानं भरू नका.

प्रश्न : गोदावरीत मोठं, चपट्या पाठीचं कासवही असतं म्हणतात. ते हेच का?

उत्तर : नाही, ते लीथचं सॉफ्टशेल, म्हणजे मऊ पाठीचं कासव. पाठ साठ सेंटिमीटरच्या पुढे जाते, नाक नळीसारखं, पोटाखाली झडपा नाहीत. ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ ग्रे यांनी १८७२ मध्ये पुण्याच्या नमुन्यावरून याचं वर्णन केलं. भारताच्या द्वीपकल्पाबाहेर हे नाही. गोदावरी, कृष्णा, भीमा ही त्याची मुख्य घरं. याला वाहत्या नदीचे डोह, मोठे जलाशय आणि अंडी घालायला मोकळा मातीचा काठ लागतो. उपसा, मांसासाठी शिकार आणि काठांचं बांधकाम यांनी संख्या इतकी घटली की २०२१ पासून ते धोक्यातल्या जातींच्या जागतिक यादीत (आययूसीएन) अतिसंकटग्रस्त आहे. दिसलं तर लांबूनच फोटो काढा. मान लांब असते, मागे वळून कडाडून चावतं.

प्रश्न : मुलानं आणलेलं कानाजवळ लाल पट्टा असलेलं हिरवं कासव आता ताटलीएवढं झालं. गंगापूर धरणात सोडावं का?

उत्तर : अजिबात नाही. ते रेड-इअर्ड स्लायडर, मूळ अमेरिकेतल्या मिसिसिपीच्या खोऱ्यातलं. आपल्या पाण्यात तगलं तर देशी कासवांच्या अन्नावर आणि उन्हाच्या जागांवर डल्ला मारतं, रोगही पसरवतं. मोठी टाकी, अंग वाळवायला कोरडा कट्टा आणि यूव्हीबी दिवा (उन्हातल्यासारखे अतिनील किरण देणारा) द्या; पंचवीस-तीस वर्षं जगू शकतं, हे आणण्याआधी दुकानदारानं सांगायला हवं होतं.