आधी जीभ, मग हात

प्रिय मुली,
अनेक आशीर्वाद.

‘युमेइरो पातिसिएर’ पाहून संपवलीस आणि आता दहावीनंतर पेस्ट्री शेफच व्हायचंय, हे तुझ्या आईकडून कळलं. नात्सुमी मात्सुमोतोंच्या मांगावरून, म्हणजे जपानी चित्रकथेवरून, २००९ साली जपानी टीव्हीवर आलेली ही कार्टून मालिका मीही पाहिली आहे. त्या चिमुकल्या पऱ्या मला जरा अतीच वाटतात, पण नायिका इचिगो आवडते. केक-पेस्ट्री शिकवणाऱ्या सेंट मेरी अकादमीत येते तेव्हा तिला धड काहीच जमत नसतं. नावाजलेला पेस्ट्री शेफ ऑन्री लुकास तिला हेरतो ते तिच्या जिभेसाठी. आजीचा स्ट्रॉबेरी टार्ट त्या जिभेवर पक्का बसलेला असतो.

तेव्हा आधी तेच कर. केक खाऊन ‘मस्त’ म्हणून मोकळी होऊ नकोस. लोणी खारं होतं का, लिंबाची साल किसून घातली होती का, क्रीम दुधाचं की वनस्पती तेलाचं, हे वहीत लिहून ठेव. आपल्याकडे बेकऱ्यांत तेलाचं क्रीम सर्रास असतं. टाळूला चिकटून राहिलं की ओळखावं.

मग हात. मालिकेतल्या काशिनोसारखी चॉकलेटं करायची घाई नको. डार्क चॉकलेट ४५-५० अंशांना वितळवायचं, २७-२८ पर्यंत उतरवायचं, पुन्हा ३१-३२ वर आणायचं. मे महिन्यात आपलं स्वयंपाकघरच तेवढं तापलेलं असतं!

त्यापेक्षा स्पंज कर, जपानी स्ट्रॉबेरी शॉर्टकेकला असतो तसा. चार अंडी, साखर आणि मैदा प्रत्येकी १२० ग्रॅम, वितळवलेलं लोणी ३० ग्रॅम. वाटी-चमचा नको, वजनकाटा घे. अंडी-साखरेचं भांडं गरम पाण्यावर धरून मिश्रण ४० अंशांपर्यंत कोमट कर, म्हणजे फेस लवकर धरतो. मग फेटत राहा. फेटणी उचलल्यावर पडणाऱ्या धारेची रेघ वर क्षणभर टिकली पाहिजे. चाळलेला मैदा खालून वर, हलक्या हाताने मिसळ, आणि लोणी शेवटी. यात बेकिंग पावडर नाही. स्पंज फुगतो तो अंड्यात कोंडलेल्या हवेवर. जास्त ढवळलंस की बसलाच.

मालिकेत सराव दोन मिनिटांत उरकतो. तू मात्र महिनाभर हाच एक स्पंज कर, कंटाळा आला तरी.

भेटायला येशील तेव्हा एक काप घेऊन ये. वर क्रीम, स्ट्रॉबेरी काही नको, मला आतली जाळी बघायची आहे.

तुझी,
मावशी