तळला नाही तरी आपलाच मासा

प्रिय सई,

रविवारी जेवताना तू विचारलंस, "आजी मासे तव्यावर तळते, तू ओव्हनमध्ये भाजतेस. मग हा मराठी मासा आहे का?" बाबा मान खाली घालून काटे काढत राहिला आणि मी "आधी जेव" म्हणून विषय टाळला. तुझा प्रश्न टाळण्यासारखा नव्हता, म्हणून आज नीट लिहिते.

हो, हा आपलाच मासा आहे. रवा लावून तळणं ही आपली एक रीत आहे, पण तेवढी एकच नाही. आजीला विचार, ती सांगेल. तिच्या लहानपणी स्वयंपाक उरकला, चुलीतली लाकडं मागे ओढली, की निखाऱ्यांवर बांगडे ठेवायचे. वरून तेलाचा थेंब नाही. बांगड्याची स्वतःची चरबी निखाऱ्यावर ठिबकायची आणि त्या वासाने मुलं अंगणातून आत यायची. कधी हळदीच्या पानात गुंडाळून भाजायचे. त्यांच्याकडे रोज कालवण असायचं, तळलेली तुकडी बहुतेक पाहुण्यांच्या ताटात पडायची. म्हणजे मी मासा भाजते त्यात नवीन काही नाही. निखारे नाहीत म्हणून ओव्हन, एवढंच.

आता बाबाचं. त्याला मधुमेह झाला तेव्हा तू लहान होतीस. पहिले काही महिने मी त्याच्यासाठी वेगळं शिजवायचे: मीठ-मिरपूड लावलेला उकडलेला मासा आणि वाफवलेल्या भाज्या. आपल्या दोघींसाठी तव्यावर सुरमई. तो तक्रार करत नसे. पण हळूहळू तो आपल्या आधीच, एकटा जेवून उठायला लागला. एकदा तू त्याच्या ताटाकडे बघून "हे आजारी माणसाचं जेवण आहे का?" असं विचारलंस. त्या रात्री मला झोप लागली नाही. आपल्याकडे एका पंगतीत दोन तऱ्हेची ताटं वाढत नाहीत, आणि मी माझ्याच घरात तेच करत होते. तेव्हा ठरवलं, जे त्याला चालेल तेच सगळ्यांनी खायचं, आणि ते सगळ्यांना आवडेल असंच करायचं.

तळलेल्यात अडचण काय, ते समजून घे. माशात साखर वाढवणारे पिष्ट पदार्थ जवळजवळ नसतातच. ते येतात रव्यातून, तांदळाच्या पिठातून आणि शेजारच्या भाताच्या ढिगातून. त्यात तळताना माशातलं पाणी वाफ होऊन जातं आणि तेल आत शिरतं. एका मोठ्या चमचाभर तेलात साधारण 120 कॅलरी असतात आणि तवाभर मासे तळायला असे चार-पाच चमचे सहज लागतात. मधुमेहात हृदयाचीही काळजी घ्यावी लागते, म्हणून हात आखडता. मात्र चरबी म्हणजे सगळी वाईट असं डोक्यात घेऊ नकोस. बांगडा, तारली, सामन यांच्या अंगातलं तेल हृदयाला चांगलं असतं. कमी करायचं ते आपण वरून ओततो ते.

आणि चव? ती तव्यात नाही, मुरवण्यात आहे. तू ओट्याजवळ उभी राहून बघतेस, पण काय चाललंय ते सांगायचं राहून गेलं. धुतलेल्या तुकड्यांना हळद, थोडं मीठ आणि आगळ, म्हणजे कोकमाचा आंबट रस, चोळून वीस मिनिटं ठेवायचं. मिठाने पाणी सुटतं, ते ओतून टाकायचं आणि तुकड्या कागदाने कोरड्या टिपायच्या. हे टिपणं मी कधीच चुकवत नाही. ओला मासा भाजत नाही, नुसता उकडतो. आगळात मीठ असतं, म्हणून वरून मीठ अगदी कमी. मग आलं, लसूण, कोथिंबीर, हिरवी मिरची यांचं वाटण. खोबरं मी त्यात घालत नाही. बांगडा असेल तर दोन-तीन तिरफळं ठेचून, आतली बी काढून. ते जिभेवर चुरचुरलं की बाबा डोळे मिटतो, पाहिलंयस ना?

ओव्हन 200 अंशांवर तापवताना रिकामा जाड ट्रेसुद्धा आतच तापत ठेवायचा. चार तुकड्यांना मिळून एक छोटा चमचा तेल, ब्रशने. मग तापल्या ट्रेवर तुकडी ठेवली की चर्र आवाज येतो, अगदी तव्यासारखा. परवा व्हिडिओ कॉलवर तो ऐकून आजीने विचारलं, "तळतेयस का गं?" मला फार बरं वाटलं. बोटभर जाडीच्या तुकडीला बारा ते पंधरा मिनिटं पुरतात. काट्याने दाबलं की मांस पाकळ्यांसारखं सुटायला हवं आणि आतला काचेसारखा अर्धपारदर्शक रंग जाऊन पांढरा व्हायला हवा. त्यापुढे ठेवला तर चोथा. कधी गुंडाळून भाजायचा असला तर केळीचं पान, ते मिळालं नाही तर बेकिंग पेपर. फॉईलमध्ये नाही, आगळ आंबट असतं आणि आंबटाने ॲल्युमिनियम पदार्थात उतरतं.

ताटाचंही आता ठरलेलं आहे. अर्ध्या ताटात भाजी आणि कोशिंबीर, पाव ताटात मासा, उरलेल्या पावात भाकरी किंवा भात. ज्वारीची भाकरी असली म्हणून हव्या तेवढ्या खायच्या नाहीत, तीही साखर वाढवतेच, फक्त जरा सावकाश. बाबाला त्याचा मोजका भात मी देतेच. तो गोळी घेतो, त्यामुळे त्याने उपाशी राहणं किंवा जेवणाची वेळ चुकवणंही बरं नाही. जेवणानंतर दोन तासांनी तो बोट टोचून साखर बघतो आणि फ्रिजवरच्या कागदावर आकडा लिहितो. तू तो वाचतेस हे मला माहीत आहे. एखाद्या दिवशी आकडा वाढला तर घाबरू नकोस आणि त्याला रागावूही नकोस. आपण भात बघू, चालायला जाऊ, डॉक्टरांना विचारू.

सोलकढी मी रोज का करत नाही, तेही विचारलं होतंस. त्यातलं नारळाचं दूध म्हणजेही वरून ओतलेली चरबीच. सणाला करू, वाटीभर.

आजीकडे गेलो की तव्यावरची तुकडी आपण तिघंही खातो. बाबा एक खातो आणि त्या दिवशी भात सोडून भाकरी घेतो. आजीच्या हातचं नाकारायचं नाही, हे त्याने मला सांगून ठेवलंय.

येत्या रविवारी अख्खे बांगडे आणते. चिरा तू दे. शेपटीकडून घट्ट धरायचा, सुरी तिरकी, काट्याला लागेपर्यंत. वाटण चिरांच्या आत बोटाने भरायचं, नुसतं वरून फासायचं नाही. ट्रेवर मात्र मीच ठेवीन, तो फार तापलेला असतो.

तुझी,
आई