शब्दांची यादी नको, विमानामागे जा

विमानवाहतुकीच्या शब्दांची ए टू झेड यादी पाठ करायला घेतली असशील तर ती बाजूला ठेव. शब्द विमान जसं पुढे सरकतं त्या क्रमाने शिक: पुशबॅक (विमान मागे ढकलणं), टॅक्सी (जमिनीवरून चालत जाणं), होल्डिंग पॉइंट (धावपट्टीआधी थांबायची जागा), लाइन अप (धावपट्टीवर येऊन उभं राहणं), टेकऑफ. 'लाइन अप अँड वेट' म्हणजे धावपट्टीवर येऊन उभं राहायचं, निघायचं नाही. हा फरक किती महागात पडतो ते बघायचं तर टेनेरिफ बेटावरच्या विमानतळावरचा अपघात वाच. २७ मार्च १९७७, दाट धुकं. केएलएम या डच कंपनीचा वैमानिक रेडिओवर म्हणाला, 'वी आर नाऊ अ‍ॅट टेकऑफ'. कंट्रोल टॉवरला वाटलं, थांबलाय. तो तर परवानगीशिवाय सुटला होता. समोर अमेरिकी कंपनी पॅन अ‍ॅमचं जम्बो. ५८३ माणसं गेली. आता 'टेकऑफ' हा शब्द प्रत्यक्ष परवानगी देताना किंवा रद्द करतानाच उच्चारतात, एरवी 'डिपार्चर'. आणि 'रॉजर' म्हणजे ऐकलं, बास. धावपट्टीबद्दलची सूचना पूर्ण परत म्हणावीच लागते.

नवख्यांची खरी दांडी उडते ती उंचीत. हाइट जमिनीपासून, अल्टिट्यूड समुद्रसपाटीपासून, फ्लाइट लेव्हल १०१३.२ हेक्टोपास्कल या ठरीव दाबावरून. पुण्याचा विमानतळच सुमारे १९०० फुटांवर आहे, म्हणजे तिथे ३००० फूट अल्टिट्यूडला खाली जेमतेम ११०० फूट मोकळे.

एअरस्पेसचे (हवाई हद्दीचे) वर्ग सध्या वरवर बघ, नकाशा हातात आला की आपोआप कळतील. पाठांतराची हौसच असेल तर स्क्वॉक कोड (विमान रडारला पाठवतं तो चार आकडी क्रमांक) घे: ७५०० अपहरण, ७६०० रेडिओ बंद, ७७०० आणीबाणी.