आत्याचं तोंड कसं बंद करू?

आखाजी, म्हणजे खानदेशातली अक्षय्य तृतीया, जवळ आली की हा प्रश्न माझ्याकडे हमखास येतो. कधी आत्या असते, कधी मामी, कधी शेजारची काकू. त्यातलीच ही एक मुलगी. ओळख लागू नये म्हणून तपशील बदलले आहेत. वय 27, पुण्यात नोकरी, गाव अमळनेरजवळ. "यंदा आखाजीला घरी जातच नाही," म्हणाली. सगळ्या माहेरवाशिणी झोक्यापाशी जमल्या की आत्या सर्वांसमोर लग्नाचं काढते. वर गेल्या वर्षी तिचा फोटो आणि बायोडाटा तिला न विचारताच समाजाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकलेला.

लग्नाबद्दल विचारणं त्रासाचं खरं, पण ते सोसता येतं. परस्पर फोटो पाठवणं मात्र चालवून घ्यायचं नाही. या दोन गोष्टींची सरमिसळ झाली की सगळा राग आत्या नावाच्या बाईवरच निघतो.

मी विचारलं, "घरात वडिलांना 'नाही' कोण म्हणू शकतं?"

बराच वेळ गप्प राहून ती म्हणाली, "आत्याच." पुण्याला शिकायला पाठवायला वडील तयार नव्हते, तेव्हाही तीच त्यांच्याशी भांडली होती.

मग जमिनीचं निघालं. हिंदू वारसा कायद्यातल्या 2005च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित जमिनीत मुलींना मुलांइतकाच हक्क दिला, तरी आपल्याकडे बहिणी अजून हक्कसोडपत्रावर सह्या करतात. या आत्यानेही केली होती. हिस्सा सोडल्यावर माहेरात बाईकडे उरतं काय? साडीचोळी, आणि चार शब्द बोलायचा मान. तो मान ती सहजासहजी सोडणार नाही. म्हणून तिला गप्प करण्यात शक्ती घालवण्यापेक्षा तिच्या बोलण्याचा रोख वळवावा, असं माझं मत. (मारहाण, कोंडून ठेवणं, जबरदस्तीने लग्न ठरवणं असं काही असेल तर हा सल्ला लागू नाही, तिथे सरळ 181 या महिला हेल्पलाइनला फोन करावा.)

आखाजीच्या आधीच फोन करायचा, आत्या एकटी असताना, असं ठरलं. काय बोलायचं त्याची आम्ही तालीमही केली: "आत्या, या वर्षी लग्न नाही. मला विचारल्याशिवाय फोटो कुणाला द्यायचा नाही. आणि हे बाबांना तूच समजावून सांग." शेवटचं वाक्य तिला जड जात होतं. जिच्यावर चिडलो तिलाच गळ घालायची!

आत्या रुसली, काही दिवस बोललीच नाही. मग तिचाच फोन आला, "मी सांगसू तुना बापले." (मी सांगेन तुझ्या बापाला.)

झोक्यापाशी लग्नाचा विषय यंदाही निघालाच. स्थळं येणंही थांबलेलं नाही, फक्त आता बायोडाटा आधी मुलीकडे येतो आणि मग वडिलांकडे जातो. त्यातल्या एका मुलाला ती भेटलीसुद्धा. नकार दिला, आणि तो वडिलांना आत्यानेच कळवला.