मॅडम, यातली खरी मी कोणती?

(ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.)

खुर्चीवर टेकण्याआधीच ती म्हणाली, "मॅडम, मला स्किझोफ्रेनिया होतोय का, एवढंच सांगा."

ती परफॉर्मन्स आर्टिस्ट. दोन वर्षांपूर्वी तिने एक बाई घडवली होती. पन्नाशीची, एकटी राहणारी, तुटक बोलणारी. नाव वेगळं, सही वेगळी, चालसुद्धा वेगळी. हे सोंग घेऊन ती रांगांमध्ये, प्रतीक्षागृहांत, अनोळखी लोकांमध्ये जाऊन बसायची आणि रात्री त्या बाईची रोजनिशी लिहायची. एखाद्या बाईकडे नुसतं बघून लोक तिचं आयुष्य कसं ठरवून मोकळे होतात, हा तिच्या कामाचा विषय.

मग एकदा मोठ्या भावाने पुन्हा उसने पैसे मागितले. तिने फोनवर "नाही" म्हटलं, पण त्या बाईच्या आवाजात. फोन ठेवला तेव्हा हात थरथरत होते.

स्किझोफ्रेनिया म्हणजे दुभंगलेलं व्यक्तिमत्त्व, हा गैरसमज फार खोल रुजलाय. त्या आजारात भास होतात, भ्रम होतात, विचारांची संगती तुटते. तिच्या मनातली भीती वेगळ्याच विकाराची होती. त्याला पूर्वी मल्टिपल पर्सनॅलिटी म्हणायचे आणि 1994 पासून डिसोसिएटिव्ह आयडेंटिटी डिसऑर्डर म्हणतात. त्यात दुसरं रूप माणूस ठरवून घेत नाही आणि आठवणींत खिंडारं पडतात. म्हणून मी विचारलं: मधले तास हरवतात का? आणल्याचं आठवत नाही असं सामान घरात सापडतं का? आवाज ऐकू येतात? झोप कशी आहे? जीव द्यावासा वाटतो का? एकाही उत्तराने शंका आली असती, तर मी तिला लगेच मानसोपचारतज्ज्ञांकडे पाठवलं असतं. पण तिला सगळं आठवत होतं, रोजनिशीत वेळेसकट लिहिलेलं होतं.

पुढच्या भेटीत तिने रॉबर्टा ब्राइटमोरचा विषय काढला. लिन हर्शमन लीसन या कलावतीने 1973 ते 1978 या काळात सॅन फ्रान्सिस्कोमध्ये ही काल्पनिक स्त्री जगून दाखवली. रॉबर्टाच्या नावाने वाहन परवाना होता, बँकेत खातं होतं, ती मानसोपचारतज्ज्ञाकडेही जायची. पुढे इतर स्त्रियांनीही रॉबर्टा साकारली. 1978 मध्ये इटलीतल्या फेरारा शहरात एक विधी करून तिला निरोप दिला गेला.

मी त्या निरोपापाशी थांबले. "तुमच्या बाईला निरोप कधी मिळतो?"

मिळतच नव्हता. ती त्याच साडीत स्वयंपाक करायची, त्याच चष्म्याने झोपेपर्यंत वाचायची. भूमिका अंगावरून उतरवणं हे नाट्योपचारात शिकवावं लागतं. आम्ही साधंच ठरवलं: घरी आल्यावर साडी, चष्मा, विग पेटीत ठेवायचं, तोंड धुवायचं, स्वतःचं नाव मोठ्याने घ्यायचं आणि त्या बाईत नाहीत अशा आपल्या तीन गोष्टी बोलायच्या. महिन्याभरात धास्ती ओसरली.

"सोंगं पुरे कर" असं घरचे म्हणत होते. मला ते पटत नव्हतं, अजूनही पटत नाही. मी विचारलं, "त्या बाईला असं काय येतं, जे तुम्हाला येत नाही?"

ती बराच वेळ पेटीच्या किल्लीशी खेळत राहिली. "तिला कुणाचा राग येऊ शकतो. आणि ती कुणाची धाकटी बहीण नाही."

लहानपणापासून गिळलेला राग तिने या बाईकडे ठेवायला दिला होता. मग रिकाम्या खुर्चीत भाऊ बसलाय असं समजून त्याच्याशी बोलायचा सराव सुरू झाला. पहिल्यांदा शब्द फुटेना. दुसऱ्यांदा ती बाईच बोलली. तिसऱ्यांदा आवाज चिरकला, पण वाक्य पुरं झालं: "दादा, या वेळी मला नाही जमणार."

खरा फोन तिने तीन आठवड्यांनी केला. त्यानंतर भाऊ महिनाभर बोलला नाही. त्या महिन्यात ती माझ्यासमोर दोनदा खूप रडली. पेटी मात्र फक्त प्रयोगाच्या दिवशीच उघडली.